छेद वेगळे असलेल्या अपूर्णांकांत अज्ञात संख्या कशी काढायची? सहावीच्या मुलीला समजवायचंय

देवगडची_आई:
गणित असं आहे, बरणीत थोडं कोकमाचं आगळ होतं, त्यात २/३ लिटर ओतलं, मग सोलकढीला १/४ लिटर काढलं, आता ५/६ लिटर आहे, तर आधी किती होतं? मुलगी वरचे आकडे वेगळे नि खालचे वेगळे करते. ५-२+१=४ आणि ६-३+४=७, म्हणून ४/७. चूक आहे म्हटलं तर विचारते का चूक, ते कसं सांगू?

मालवणी_मास्तर:
ताई, तिला विचारा अर्धा आणि पाव मिळून किती. पाऊण म्हणेलच. मग तिच्याच पद्धतीने १/२ + १/४ करायला लावा, वर २ खाली ६, म्हणजे १/३. अर्ध्यात भर घातली आणि उत्तर अर्ध्याहून कमी! हे डोळ्यांनी दिसलं की पोरं ती पद्धत आपणहून सोडतात. छेद फक्त एका अख्ख्याचे किती भाग केले ते सांगतो, भाग सारखे केल्याशिवाय मिळवायचं काय नि वजा करायचं काय.

रत्नागिरी_हापूस:
डझनावर दाखवा, लगेच कळेल. २/३ डझन म्हणजे ८ आंबे, १/४ म्हणजे ३, ५/६ म्हणजे १०. पेटीत थोडे होते, ८ घातले, ३ काढले, १० राहिले, तर आधी ५ होते. ५/१२ डझन. आगळाचंही तसंच, ६, ३, ४ चा लसावि १२ येतो म्हणून
क्ष = ५/६ − २/३ + १/४ = १०/१२ − ८/१२ + ३/१२ = ५/१२ लिटर
आणि प्लीज "पलीकडे नेलं की चिन्ह बदलतं" असं नुसतं पाठ करून घेऊ नका, काढलेलं परत ओतायचं आणि ओतलेलं काढून घ्यायचं, म्हणून चिन्हं उलटी होतात.

देवगडची_आई:
डझनाचं लगेच पटलं तिला, थँक्यू! आता तिने तिन्ही छेद गुणून ७२ घेतले, उत्तर ३०/७२ आलं. चालेल का?

मालवणी_मास्तर:
चालेल की. ६०−४८+१८=३०, वरखाली ६ ने भागलं की ५/१२च. लसावि घेतला तर आकडे लहान राहतात, एवढंच. पण ताळा करायची सवय लावाच, ५/१२ + ८/१२ − ३/१२ = १०/१२ = ५/६, जमलं. आधीचं ४/७ घालूनही बघायला सांगा, ८३/८४ येतं, म्हणजे जवळजवळ अख्खा लिटर.