गृहकर्ज: हप्ता सगळे विचारतात, दहा वर्षांनंतरची शिल्लक कोण विचारतं?

शनिपारी (धागाकर्ता)

सध्या ऑफिसात, सोसायटीच्या पार्किंगमध्ये एकच विषय चालू आहे. रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो) उतरला, आता घर घेऊन टाका. रिझर्व्ह बँकेने २०२५ च्या फेब्रुवारीत ६.५ चा दर खाली आणायला सुरुवात केली आणि बाणेरपासून उंड्रीपर्यंत बिल्डरांचे फ्लेक्स बदलले. कुणालाही विचारा, "कर्ज केवढं घेतलंस?" उत्तर येतं, "बावन्न हजार." अरे बाबा, तो हप्ता झाला!

एक उदाहरण घेऊ. ८० लाखांचा टू बीएचके, २० लाख स्वतःचे, ६० लाख कर्ज, ८.५ टक्के, २० वर्षं. (आज दर कमी मिळेल, आकडे समजायला हा धरलाय.) हप्ता ५२,०६९. वीस वर्षांत भरणार जवळजवळ १ कोटी २५ लाख. नुसतं व्याज ६५ लाख, मुद्दलाहून जास्त. एवढं बहुतेकांना ठाऊक असतं.

ठाऊक नसतं ते पुढचं. पहिल्या हप्त्यातले ४२,५०० व्याजात जातात, मुद्दलात ९,५६९. पाच वर्षांत तुम्ही ३१ लाखांवर भरता आणि कर्ज उतरतं जेमतेम ७ लाखांनी. दहा वर्षं झाली, निम्मी मुदत सरली, तरी शिल्लक ४२ लाख. निम्मं कर्ज फिटेपर्यंत चौदावं वर्ष संपत येतं. आणि आपल्याकडे सहा-सात वर्षांत टू बीएचके विकून थ्री बीएचके घ्यायची पद्धत. नवं कर्ज पुन्हा वीस वर्षांचं. माणूस जन्मभर हप्त्यांच्या तक्त्याच्या वरच्या, व्याजाच्या ओळींतच राहतो.

कर्जाबाहेरचं वेगळंच. पुण्यात मुद्रांक शुल्क ७ टक्के (५ मूळ, १ स्थानिक संस्थेचा, १ मेट्रोचा), बाईच्या नावावर घेतलं तर १ टक्का कमी. नोंदणी ३०,०००. बांधकाम चालू असेल तर ५ टक्के जीएसटी. ८० लाखांवर हे सगळं मिळून दहा लाखांच्या घरात जातं. तेही खिशातून.

माझं मत: त्याच ५२ हजारांत १२ वर्षांत ४७ लाख फिटतात, व्याज २८ लाख. कर्ज १३ लाखांनी कमी घ्या, व्याज ३७ लाखांनी कमी जाईल. बारा वर्षांत फिटत नसेल ते घर आपल्याला परवडत नाही, बँक काहीही म्हणो.

---

दोन_बीएचके

शनिपारी, हिशोब बरोबर, पण अर्धाच. दुसरी बाजू कुठाय? त्याच फ्लॅटचं भाडं आज २६,००० धरा. दरवर्षी ६ टक्के वाढ (मालक याहून कमी वाढवत असेल तर पत्ता द्या, मी येतो राहायला). बाराव्या वाढीला भाडं ५२ हजारांवर जातं. वीस वर्षांचं एकूण भाडं १ कोटी १५ लाख, आणि हातात शेवटी डिपॉझिटची पावती. तिकडे सव्वा कोटी भरून घर नावावर. हप्ता गोठलेला असतो, भाडं नाही.

---

अंकगणित

धाग्यातला "६५ लाख व्याज" हा आकडा लोकांना घाबरवायला उत्तम आहे, पण त्याला खर्च म्हणणं चूक. आजचा रुपया आणि २० वर्षांनंतरचा रुपया एकाच बेरजेत कसे टाकता? महागाई ५ टक्के धरली तर शेवटचा ५२ हजारांचा हप्ता आजच्या साडेएकोणीस हजारांएवढा. सगळे २४० हप्ते आजच्या किमतीत आणले तर १ कोटी २५ लाखांचे होतात ७९ लाख. म्हणजे ६० लाख वापरण्याची खरी किंमत साधारण १९ लाख. ही महाग आहे की स्वस्त ते बोला.

आणि १३ लाख कमी कर्ज म्हणजे कोथरूडऐवजी वाघोली. रोजच्या ट्रॅफिकचे दोन तास कुठल्या रकान्यात धरायचे?

---

शनिपारी

@अंकगणित, मान्य, रुपया झिजतो. पण तो झिजतो हे धरून चालताना पगार महागाईबरोबर वाढतो हेही तुम्ही गुपचूप धरलंत. आयटीतल्या ४५ वर्षांच्या माणसाला विचारा चौदाव्या वर्षी काय होतं ते. हप्ता आजच्या किमतीत साडेएकोणीस हजारांचा असेल, नोकरी नसलेल्या माणसाला तोही डोंगर.

@दोन_बीएचके, भाड्याच्या बाजूला २० लाख डाउन पेमेंट, ६ लाख मुद्रांक-नोंदणी आणि पहिल्या वर्षी महिना २६ हजारांचा फरक हातात उरतो, तो तुम्ही गाळलात. शिवाय घरमालकाचा मेंटेनन्स, मिळकतकर, उन्हाळ्यात टँकरची वर्गणी. आमच्या ओळखीत एका सोसायटीत लिफ्ट बदलायला प्रत्येक फ्लॅटमागे वर्गणी काढली, भाडेकरू मस्त गच्चीत बसून बघत होते.

---

दोन_बीएचके

उरलेले २६ हजार दर महिन्याला खरंच गुंतवणारा भाडेकरू मला दाखवा. एसआयपी पहिल्या पडझडीत बंद होते, उरलेलं गोव्याला जातं. हप्ता ही सक्तीची बचत आहे, आणि आपल्यातल्या बहुतेकांना सक्तीच लागते.

---

हिंजवडी_फेज_तीन

तुम्ही सगळे ८.५ हा दर वीस वर्षं हलणारच नाही असं धरून भांडताय. "हप्ता गोठलेला असतो" वाचून हसू आलं.

माझं कर्ज २०२१ चं. रेपो तेव्हा ४ टक्के, मला ६.७ ने मिळालं. ६० लाख, २० वर्षं, हप्ता ४५,४४४. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रेपो अडीच टक्क्यांनी चढला, दर ९.२ झाला. हप्ता बदलला नाही म्हणून मी निवांत. मग स्टेटमेंट उघडलं. शिल्लक ५८ लाख, महिन्याचं व्याज ४४,४६७. म्हणजे ४५ हजार भरून मुद्दलात जमा ९७७ रुपये! या गतीने कर्ज फिटायला आणखी ४२ वर्षं. बँकेने मुदत वाढवत नेली आणि एक एसएमएस टाकला, तोही ऑफरच्या गर्दीत.

शिल्लक ५८ ऐवजी ६० असती तर हप्त्यात व्याजसुद्धा भागलं नसतं.

---

निवृत्त_रोखपाल

ह्या प्रकाराबद्दल थोडं. मी बँकेत कर्ज विभागात होतो, आता मोकळा आहे.

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग (बदलत्या दराची) गृहकर्जं बाहेरच्या दराशी, बहुतेकदा रेपोशी, जोडावी लागतात. रेपो अधिक बँकेचा स्प्रेड, म्हणजे तिची वरची टक्केवारी. रेपो हलला की तीन महिन्यांच्या आत तुमचा दर हलायलाच हवा, दोन्ही दिशांनी. गृहवित्त कंपन्यांना मात्र हे बंधन नाही. त्यांचा स्वतःचा मूळ दर असतो, तो चढताना चपळ, उतरताना संधिवात झाल्यासारखा. नव्या गिऱ्हाईकाला कमी दर, जुन्याला जुनाच, कमी हवा तर कन्व्हर्जन फी (दर बदलून घ्यायचे पैसे) भरा. जुनं कर्ज असेल तर पत्र उघडून बघा तुमचा दर कशाशी बांधलाय.

हिंजवडीकरांसारखी हजारो प्रकरणं झाली म्हणून ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं. स्थिर दरावर जायचा पर्यायही तेव्हा द्यायचा होता, ऑक्टोबर २०२५ पासून तो बँकेच्या मर्जीवर आहे. आणि मुदत ताणून मुद्दल उलटं वाढेल असं होऊ द्यायचं नाही. अनेक बँकांनी कर्जदाराला विचारलंच नाही, म्हणून आपोआप मुदत वाढली.

आणि "बँक आधी व्याज वसूल करते, मुद्दल नंतर" अशी कुजबूज इथे कुणी करायच्या आत सांगतो: त्यात चलाखी नाही. शिल्लक मोठी तेव्हा व्याज मोठं, एवढंच. चलाखी असलीच तर ती विम्यात. कर्ज देताना एकरकमी प्रीमियमची पॉलिसी जोडतात आणि प्रीमियम कर्जातच मिसळतात. १ लाख ८० हजारांचा प्रीमियम असला तर २० वर्षांत पावणेचार लाख भरता. साधा टर्म प्लॅन बाहेरून घ्या.

---

करदाता_क्रमांक_एक

आयकराची सूट विसरलात. ८.५ ने मिळतं ते खरं सहा टक्क्यांनाच पडतं.

---

अंकगणित

कोणत्या जगात? स्वतः राहता त्या घराच्या व्याजाची वजावट वर्षाला २ लाखांपर्यंतच, आणि तीही जुन्या करप्रणालीत. ६० लाखांवर पहिल्या वर्षीचं व्याज ५ लाखांवर आहे. म्हणजे ३ लाखांना कसलीही सूट नाही. तीस टक्क्यांच्या टप्प्यात असलात तर उपकर धरून ६२,४०० वाचतात. नव्या प्रणालीत, जी आता न सांगता लागू होते, शून्य. "टॅक्स वाचतो म्हणून कर्ज" हा सल्ला २०१५ च्या सीएकडून आला असावा.

(बघा, मी कर्जाच्या बाजूचा असून हे लिहितोय.)

---

पाषाणची_टेकडी

मुदतपूर्व भरण्यावर कुणी बोललंच नाही. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँकांना त्याचा दंड लावायला २०१२ पासून बंदी आहे. शनिपारींच्याच उदाहरणात दुसरं वर्ष संपताना ५ लाख टाका, हप्ता तोच ठेवा. ३८ हप्ते कमी होतात, म्हणजे जवळजवळ २० लाख. किंवा दरवर्षी बोनसमधून एक हप्ता जास्त टाका, सव्वातीन वर्षं तरी आधी सुटका. फक्त अर्जावर "मुदत कमी करा" असं स्वतः लिहा. नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी करून देतात आणि आपण खूश होऊन घरी येतो.

---

अंकगणित

तेच ५ लाख ८.५ टक्क्यांनी १८ वर्षं कुठे ठेवले तर २३ लाख होतात. तुमचे २० आणि हे २३ एकच गोष्ट आहे, फक्त कर्जाच्या बाजूने बघितल्यावर "वाचले" म्हणतात. इक्विटीत (शेअरबाजारात) १२ टक्के मिळाले तर कर्ज फेडणं हा तोट्याचा व्यवहार.

---

पाषाणची_टेकडी

"मिळाले तर." कर्जावरचे ८.५ वाचतात ते नक्की, करमुक्त, आणि रात्री बाजार बघावा लागत नाही. ८.५ टक्के करमुक्त आणि बिनधोक देणारी एफडी सांगा, सगळे पैसे तिथे टाकतो.

मधला मार्ग हवा असेल तर ओव्हरड्राफ्टवालं गृहकर्ज बघा. जादा पैसे त्या खात्यात ठेवायचे, तेवढ्यावर व्याज लागत नाही, लागले की काढता येतात. दर थोडा जास्त असतो. ज्यांच्याकडे चार-पाच लाख नेहमी पडून असतात त्यांनाच परवडतं. पडून नसतात त्यांनी नावाला भुलू नये.

---

कर्वेनगरची_मावशी

सगळे एक्सेल उघडून बसलेत. आम्ही नऊ वर्षं भाड्याने राहिलो. अकरा महिन्यांचा करार, दर वेळी दलाली, नोंदणी, पोलिसांकडे माहिती. दोनदा मालकाच्या मुलाचं लग्न ठरलं म्हणून घर सोडावं लागलं, त्यातलं एक वार्षिक परीक्षेच्या तोंडावर. "घर पाहावं बांधून" म्हणणाऱ्यांना भाड्याचं घर बदलायला लावलं असतं तर म्हण वेगळी झाली असती. व्याज जास्त गेलं तर गेलं. मला भिंतीत खिळा ठोकायला कुणाला विचारावं लागत नाही.

अवांतर: पुणे महापालिकेच्या हद्दीत स्वतः राहत असाल तर मिळकतकरात ४० टक्के सवलत आहे, त्यासाठी पीटी-३ अर्ज भरावा लागतो. नव्या फ्लॅटवाल्यांनी आठवणीने भरा.

---

शनिपारी

मावशी, घर घेऊ नका असं मी कुठेच म्हटलं नाही. खिळा ठोकायला मिळतो त्याचे किती मोजतोय ते सहीआधी बघा, इतकंच म्हणणं. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर मुख्य तथ्यांचा कागद देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार धरून खरा वार्षिक दर असतो आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ता असतो. तो तक्ता कितीजण १२० व्या ओळीपर्यंत वाचतात?

---

नवा_कर्जदार

पुढच्या आठवड्यात सह्या आहेत, नेमकं ह्यातच अडकलोय. ६० लाखच. बँकेचा माणूस म्हणतो २५ वर्षं घ्या, हप्ता ४८,३१४ बसेल, जमेल तसं जास्त भरा.

---

शनिपारी

महिन्याला पावणेचार हजार वाचवायला २० लाख जास्त व्याज. वीसच घ्या.

---

अंकगणित

उलट. पंचवीस घ्या. जास्त भरायला दंड नाही, कमी भरायला आहे. नोकरी गेली तर तेच पावणेचार हजार उपयोगी पडतील. तोपर्यंत ५२ हजारच भरा, दर महिन्याचा फरक मुद्दलात टाका, वीस वर्षांतच फिटेल.

---

दोन_बीएचके

भरणार कोण? वर एसआयपीचं सांगितलंच आहे.

---

नवा_कर्जदार

वीस टाकतोय, स्वतःवर तेवढा भरवसा नाही. पण रोखपालकाकांनी लिहिलेलं वाचून सँक्शन लेटर (कर्जमंजुरीचं पत्र) उघडलं. १ लाख ४० हजारांचा विमा आधीच जोडलाय, मला कुणी बोललंही नव्हतं. काढा म्हटलं तर म्हणतात, मग दर थोडा वाढेल. असं करता येतं का?

---

निवृत्त_रोखपाल

विमा घेणं सक्तीचं नाही. दर वाढेल असं म्हणत असतील तर किती आणि का, हे ई-मेलवर मागा. फोनवर बोलू नका. उत्तर आलं की इथे टाका, मग बघू.