मदत हवी आहे: मुरमाचा ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात अडकलाय, सोडवायचा कसा?

माणदेशी_पावटा:
मामांच्या शेतात विहिरीचं काम चालू आहे. त्यातला मुरूम ट्रॉलीत भरून दुसऱ्या गटातल्या वस्तीच्या रस्त्यावर टाकायला नेत होते. रॉयल्टीची पावती नव्हती. संध्याकाळी पथकाने धरला, पंचनामा केला आणि ट्रॅक्टर-ट्रॉली तहसीलला जमा. आता नोटीस आलीय: महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 48(7) खाली मुरमाच्या बाजारभावाच्या पाचपट दंड, वर स्वामित्वधन (रॉयल्टी), आणि 48(8) खाली ट्रॅक्टरचे 1,00,000. मुरूम 2 ब्रास दाखवलाय. कारखाना सुरू व्हायला आलाय, ऊसवाहतुकीचा करार आहे, फायनान्सचा हप्ताही थांबत नाही. एक गृहस्थ म्हणतात, चाळीस हजारांत 'मिटवून' देतो, पावती मागू नका. काय करावं?

निवृत्त_अव्वल_कारकून:
त्या गृहस्थांना आधी चहा पाजून वाटेला लावा. पावती नाही म्हणजे प्रकरण फाईलवर तसंच राहणार आणि ट्रॅक्टर सोडण्याचा आदेशही निघणार नाही.

लाखाचा आकडा साहेबांच्या मर्जीचा नाही. वाहन सोडण्याच्या दंडाचा तक्ता जानेवारी 2018 पासून नियमातच आहे: ट्रॅक्टर-ट्रॉलीला एक लाख, डंपरला दोन, पोकलेनला साडेसात. तिथे घासाघीस चालत नाही. पण 48(7) मध्ये पाचपट'पर्यंत' असं आहे, म्हणून तो भाग खुलाशावर कमी होऊ शकतो.

ट्रॉलीचं माप घेतलं होतं का?

माणदेशी_पावटा:
नाही हो, नजरेनेच लिहिलं. ट्रॉली 10 बाय 6 आहे, फळ्या दीड फुटाच्या.

निवृत्त_अव्वल_कारकून:
मग काठोकाठ 90 घनफूट. ब्रास म्हणजे 100 घनफूट. दोन ब्रास मावणार कुठून? वर शीग धरली तरी एवढा फरक पडत नाही. खुलाशात हेच लिहा, मापाचे फोटो जोडा, विहिरीचा सातबारा जोडा आणि पंचनाम्याची नक्कल मागा. स्वामित्वधन ब्रासला 600 आहे, त्यामुळे तिथेही आकडा खाली येईल. लाख मात्र तसेच राहतील, उगाच आशा लावत नाही.

जप्ती तहसीलदार करू शकतात, पण जप्त वाहन 48 तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून खालच्या दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्यापुढे न्यायचं असतं. आपल्याकडे बहुतेक प्रांतसाहेब, म्हणजे उपविभागीय अधिकारी. दंड भरून त्यांच्यापुढे वाहनाच्या किमतीचं वैयक्तिक बंधपत्र द्यायचं, पुन्हा असं वापरणार नाही म्हणून. ते मालकाच्या नावे हवं. आरसी मामांच्याच नावावर आहे ना?

काळा_कोट:
एक राहिलं. एफआयआर झालाय का? चोरीचं कलम, म्हणजे भारतीय न्याय संहितेचं 303(2), लागलं असेल तर महसूलचा दंड भरून तो गुन्हा संपत नाही. मध्य प्रदेशच्या जयंत प्रकरणात डिसेंबर 2020 मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की खनिज कायद्याखाली तडजोड झाली तरी चोरीची केस वेगळी चालू शकते. मग ट्रॅक्टर पोलिसांचा मुद्देमाल ठरतो आणि सोडवायला मॅजिस्ट्रेटकडे सुपूर्दनाम्याचा, म्हणजे केस संपेपर्यंत वाहन ताब्यात मिळण्याचा, अर्ज लागतो.

आणि 'आमच्याच रानातला मुरूम' एवढ्यावर विसंबू नका. 2014 मध्ये पुण्याच्या बिल्डरांना दिलासा मिळाला तो पायाची माती त्याच जागेवर वापरल्याच्या मुद्द्यावर. तुमचा मुरूम गट बदलून रस्त्यावर गेला.

माणदेशी_पावटा:
एफआयआर नाही, चौकशी केली. आरसी मामांच्या नावावर, फायनान्सचा बोजा आहे. पैसे भरले तर अपिलाचा हक्क जातो का?

काळा_कोट:
हरकत नोंदवून भरा, तसं अर्जात लिहा. तहसीलदारांच्या आदेशावर प्रांतांकडे, प्रांतांच्या आदेशावर वर जिल्हाधिकारी कार्यालयात. मुदत 60 दिवस. आदेशाची प्रत हातात पडली ती तारीख लिहून ठेवा. पैसे चलनानेच भरा.

निवृत्त_अव्वल_कारकून:
ट्रॅक्टर ताब्यात घेताना जप्तीच्या यादीशी ताडून बघा. बॅटरी, टायर, हायड्रॉलिकची जॅक. काही कमी दिसलं तर सही करण्याआधीच त्याच कागदावर लिहा.