मदत हवी आहे: संगीत नाटकातल्या नृत्यरचनेचा करार कसा करावा?

मी नाशिकची, कथक नर्तकी. आधी नाटकांत नाचायचे, मग नृत्यं बसवू लागले. आता एका नव्या संगीत नाटकाचं दिग्दर्शनही माझ्याकडे आलंय. प्रयोग कालिदास कलामंदिरात. निर्माते एकरकमी मानधन देतायत. पण पुढे दुसऱ्या संचात माझीच नृत्यं वापरली तर?

कॉपीराइट कायदा 1957 मध्ये नृत्यरचना नाट्यकृतीत धरलीय, फक्त ती लिहून वा अन्य प्रकारे नोंदलेली हवी. माझ्याकडे तालमीचे मोबाइल व्हिडिओ आहेत, शिवाय वहीत बोल, मात्रा, कोण कुठल्या विंगेतून येणार याचे बाण (मलाच कळतात ते!). ओळखीच्या वकिलांना विचारलं, पण त्यांचं काम जमिनीच्या दाव्यांचं. निर्मात्यांशी वाकडं घ्यायचं नाहीये.

दिग्दर्शन आणि नृत्यदिग्दर्शनाचे करार वेगळे करावेत का? आणि प्रत्येक प्रयोगामागे मानधनाचं कलम नेमकं कसं लिहितात?