बलिदान, यज्ञ, त्याग की सत्त्वपरीक्षा? ईस्टरच्या चित्रपटांसाठी शब्द हवा

गोदाकाठचं_रीळ

नाशिकला आमचा छोटासा चित्रपट गट आहे. उत्तम शुक्रवार ते ईस्टर असे तीन दिवस, रोज संध्याकाळी एक चित्रपट दाखवणार आहोत. तार्कोव्हस्कीचा 'द सॅक्रिफाइस' (१९८६), डॅनिश 'बाबेट्स फीस्ट' (१९८७) आणि फ्रेंच 'ऑफ गॉड्स अँड मेन' (२०१०). येशूचा वेश केलेला एकही नट कुठे दिसणार नाही, पण तिन्हींत कोणीतरी आपलं काहीतरी देऊन टाकतं.

पत्रकावर मी 'बलिदानाचे चित्रपट' असं टाकलं. मसुदा वाचून शरणपूरच्या एक ओळखीच्या ख्रिस्ती बाई म्हणाल्या, "बलिदान म्हटलं की सीमेवरचा जवान डोळ्यापुढे येतो. आमच्या शास्त्रात यज्ञ आहे." आता 'यज्ञाचे चित्रपट' छापलं तर लोक सोवळं नेसून यायचे. 'त्याग' म्हणावं तर जुना कौटुंबिक बोलपट वाटतो, ज्यात थोरली सून शेवटच्या रिळात खोकते. गुरुवारी पत्रक छापायला द्यायचंय. सुचवा.

पाठभेद

आधी शुद्धलेखन. सुटा शब्द 'बळी' किंवा 'बली', दीर्घ. समासात मात्र 'बलिदान', 'बलिप्रतिपदा', ऱ्हस्व. मसुद्यात 'बलीदान' नाही ना?

आता अर्थ. बलि म्हणजे कापलेला बोकड, ही आपली समजूत. गृहस्थाने रोज करायच्या पंचमहायज्ञातला भूतयज्ञ म्हणजे बलिहरण, आणि त्यात असतो भात. श्राद्धाला कावळ्याला ठेवतात तो काकबळी, तोही भातच. त्यामुळे 'बलिदान' हा मुळात घास देण्याचा शब्द. मग तुमच्या त्या जेवणाच्या चित्रपटाला तो सगळ्यात चपखल बसतो.

सातपूर_तिसरी_पाळी

पाठभेदकाका, कावळ्याचं राहू द्या. पेपरात रोज काय येतं? 'घाटात अपघात, तीन बळी.' त्या तिघांनी कोणाला घास दिला? लोक वापरतात तो अर्थ. बळी देणारा वेगळा, बळी जाणारा वेगळा आणि बळी पडणारा तिसराच. बलिदानात मात्र देणारा आणि जाणारा एकच. एवढा फरक दहावीच्या पोरालाही कळतो, त्याला पंचमहायज्ञ लागत नाहीत.

पाठभेद

'लोक वापरतात' हा निकष लावला तर 'मी तुझी मदत केली' हेही मराठीच.

सातपूर_तिसरी_पाळी

झालंच आहे ते मराठी. तुम्हाला कळवायचं राहून गेलं.

शरणपूरकर

त्या बाईंचं बरोबर आहे, पण अर्धंच. आमच्या मराठी पवित्र शास्त्रात एकच शब्द नाही. होमार्पण, अन्नार्पण, शांत्यर्पण, पापार्पण, दोषार्पण असे वेगवेगळे आहेत, कारण जुन्या करारात विधीच वेगवेगळे आहेत. 'उत्पत्ती'च्या बाविसाव्या अध्यायात देव अब्राहामाकडे इसहाकाचं होमार्पण मागतो. कॅथलिक मंडळी 'मिस्साबलिदान' म्हणतात, त्यांना बलिदान परकं नाही. म्हणजे नाशिकरोडला बाळ येशूकडे जाणाऱ्याला तुमचं पत्रक खटकणार नाही, आणि शरणपूरच्या प्रोटेस्टंट चर्चच्या बाकावर बसणाऱ्याला खटकेल. चार-सहा किलोमीटरचं अंतर, बाकी काही नाही.

आणि ही भाषा बाहेरून आलेली नाही. लक्ष्मीबाई टिळक इथल्या, नाशिकजवळच्या जलालपूरच्या. ना. वा. टिळक १९१९ साली गेले आणि त्यांचं अपुरं राहिलेलं 'ख्रिस्तायन' हे ख्रिस्तचरित्राचं काव्य बाईंनी पुरं केलं. अभंग-ओवीच्या मराठीत ख्रिस्त सांगता येतो, हे इथे कधीच सिद्ध झालंय.

इदं_न_मम

मीमांसकांना, म्हणजे यज्ञाचं शास्त्र मांडणाऱ्यांना विचारा. याग कशाने होतो? द्रव्य, देवता आणि त्याग. आहुती टाकताना यजमान म्हणतो, 'अग्नये इदं, न मम.' हे माझं नाही, असं म्हणणं म्हणजेच तिथला त्याग. त्याशिवाय तूप नुसतंच जळालं. तेव्हा यज्ञ आणि त्याग हे दोन पर्याय नाहीतच. त्याग हा यज्ञाचा गाभा. थोरल्या सुनेच्या खोकल्यामुळे शब्द टाकून देऊ नका.

भद्रकालीची_मावशी

एवढे मोठमोठे शब्द काढलेत, घरातले का नाही काढत? आमच्या आईने तीन मुलींच्या शिक्षणासाठी पाटल्या मोडल्या. तिने त्याग केला असं कोणी म्हटलं असतं तर तिला हसू आलं असतं. ती म्हणायची, 'पाटल्यांवर पाणी सोडलं.' हे पाणी दानाचं. हातावर उदक सोडलं की वस्तू परत मागायची नाही.

आणि सगळंच द्यायचं असेल तर घरादारावर तुळशीपत्र ठेवणं आहेच. नैवेद्यावर, दानावर तुळशीपत्र ठेवलं की ते देवाचं झालं. तुमच्या पहिल्या चित्रपटात काय आहे?

गोदाकाठचं_रीळ

मावशी, अगदी तेच आहे! अणुयुद्ध सुरू झाल्याची बातमी येते. अलेक्झांडर देवाला म्हणतो, हे टळू दे, मी घर, मुलगा, बोलणं, सगळं सोडतो. सकाळी जग होतं तसं असतं. मग तो शब्द पाळतो आणि स्वतःच्या हाताने घर पेटवतो. स्वीडनच्या गॉटलंड बेटावर चित्रीकरण झालं. पहिल्यांदा घर जळत असताना कॅमेराच अडकला, म्हणून ते पुन्हा बांधून पुन्हा जाळलं.

सातपूर_तिसरी_पाळी

म्हणजे निर्मात्याने दोनदा तुळशीपत्र ठेवलं.

इदं_न_मम

हे तुळशीपत्र नव्हे, हा नवस. 'अमुक कर, मग मी तमुक देईन.' नवसात व्यवहार आला, न मम नाही. सप्तशृंगीला नवस फेडायला जाणाऱ्याला आपण त्यागी म्हणतो का?

भद्रकालीची_मावशी

नवस फेडायला लोक चालत जातात, घर जाळून जात नाहीत. शिवाय याला काय मिळालं? गोष्टीत युद्ध खरंच टळलं की झालंच नव्हतं, हे तरी त्याला कळतं का?

गोदाकाठचं_रीळ

नाही कळत, आणि बघणाऱ्यालाही नाही. शेवटी त्याला रुग्णवाहिकेत घालून नेतात.

शरणपूरकर

अब्राहामाला निदान देवदूताने थांबवलं, आणि झुडपात शिंगं अडकलेला एडका तिथे होता. याला कोणी थांबवलं नाही.

जुनी_आरती

थांबवलं नाही म्हणता, तर चांगुणेला कोणी थांबवलं? शिवलीलामृत वाचलंय ना सगळ्यांनी? अतिथीच्या वेशात शंकर येतो आणि श्रीयाळाकडे पोटचं पोर मागतो. चांगुणा चिलयाचं मस्तक उखळात घालून कांडते, वर गाणं म्हणत, डोळ्यात पाणी न आणता. मूल परत मिळतं ते सगळं झाल्यावर. आणि आपण काय म्हणतो? चिलयाचा बळी दिला? बलिदान? मुळीच नाही. 'सत्त्वपरीक्षा' म्हणतो. हरिश्चंद्राचीही सत्त्वपरीक्षाच. माझं मत सत्त्वपरीक्षेला. त्यात अब्राहामही बसतो, अलेक्झांडरही.

पाठभेद

शब्द उत्तम, पण तो परीक्षा घेणाऱ्याच्या बाजूचा आहे. जो देतो त्याच्या हातून काय घडतं, हे त्यात येत नाही. आणि बाबेटची परीक्षा कोण घेतं?

गोदाकाठचं_रीळ

कोणीच नाही. पॅरिसहून परागंदा झालेली बाबेट दोन धर्मभीरू बहिणींकडे वर्षानुवर्षं स्वयंपाक करते. सोडतीत तिला दहा हजार फ्रँक लागतात आणि बारा जणांच्या एका जेवणावर ती ते सगळे उडवते.

सातपूर_तिसरी_पाळी

याला त्याग नाही, हौस म्हणतात. पाटल्या मोडून मुली शिकवणं वेगळं. ही बाई मोठी आचारी, कितीतरी वर्षांनी मनासारखं रांधायला मिळालं. ती स्वतःच म्हणते ना, की हे फक्त तुमच्यासाठी केलेलं नाही.

भद्रकालीची_मावशी

मुली शिकल्या तेव्हा आईला काय आनंद झाला नव्हता? देणाऱ्याने रडतच द्यावं असं कुठे लिहिलंय? हौस असली की त्याग बाटतो, हे पुरुषांचं म्हणणं. स्वयंपाकघरात दोन्ही एकाच पातेल्यात असतं.

मालेगाव_बस

कुर्बानी कोणीच कसा म्हटला नाही? अरबीत क़-र-ब म्हणजे जवळ येणं, 'करीब' त्यातलाच. हिब्रूतला 'कोर्बान' सख्खा भाऊ. तुमचा इंग्रजी शब्द लॅटिनमधला, अर्थ 'पवित्र करणं'. म्हणजे कोणी म्हणतं सोडा, कोणी म्हणतं जाळा, कोणी पवित्र करा. एकटी कुर्बानी म्हणते जवळ या.

पाठभेद

व्युत्पत्ती खरी. पण पत्रकावर 'कुर्बानी' छापलं तर लोक फिरोज खानचा शोधतील, १९८० चा.

मालेगाव_बस

मग गर्दी तरी होईल.

गंगापूर_रोड

तिसऱ्या चित्रपटाचं कोणी बोलेचना. अल्जीरियातल्या तिबिरिनच्या मठातले फ्रेंच साधू. यादवी चालू, निघून जा असं सगळे सांगत होते, ते राहिले. १९९६ मध्ये सात जणांना पळवून नेलं आणि ते मारले गेले. त्यांना बळी म्हणायचं की हुतात्मा? आपण रोज हुतात्मा अनंत कान्हेरे मैदानावरून जातो. हुत म्हणजे आहुती दिलेला, तेव्हा हाही यज्ञातलाच शब्द. हा सावरकरांनी रूढ केला असं सांगतात, म्हणजे भगूरचा, घरचाच.

शरणपूरकर

सांभाळून. कान्हेरे विजयानंद थिएटरात पिस्तूल घेऊन गेले होते, १९०९ साली, कलेक्टर जॅक्सनवर गोळी झाडायला. हे साधू गावातल्या आजाऱ्यांना औषध देत बसले होते. दोघांना एकच शब्द पुरेल? आम्ही 'रक्तसाक्षी' म्हणतो. मारलं नाही, साक्ष दिली.

गंगापूर_रोड

मरण पत्करलं ना दोघांनी? शब्द तेवढंच सांगतो.

जुनी_आरती

विजयानंद निघालंच आहे तर सांगते. त्र्यंबकेश्वरचे फाळके मुंबईत ख्रिस्ताच्या आयुष्यावरचा चित्रपट बघून झपाटले. पडद्यावर ख्रिस्त आणि यांच्या मनात राम-कृष्ण. त्यातून १९१३ मध्ये काय आलं? 'राजा हरिश्चंद्र'! राज्य, बायको, मुलगा सगळ्यावर पाणी. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंचे दागिनेही त्याच वाटेने गेले. तुमच्या तीन परदेशी चित्रपटांआधी हरिश्चंद्राची उरलेली रिळं दाखवा.

पाठभेद

तो चित्रपट फाळक्यांनी १९१० च्या नाताळात पाहिला.

जुनी_आरती

१९११ च्या ईस्टरला. म्हणून तर सुचवलं.

पाठभेद

दोन्ही छापलेलं सापडतं. नाताळ जास्त जुन्या लेखांत.

जुनी_आरती

जुनं छापलेलं खरं, हा तुमचा पंचमहायज्ञातला निकष दिसतो.

गोदाकाठचं_रीळ

मंडळी, गुरुवार जवळ आलाय. 'न मम' असं नुसतं छापलं तर? की 'पाणी सोडताना'?

सातपूर_तिसरी_पाळी

'पाणी सोडताना' म्हणजे गंगापूर धरणाचा माहितीपट. उन्हाळ्यात गर्दी नक्की, पण ती भांडायला येईल.

शरणपूरकर

'वल्हांडण' ठेवा, आमच्या शास्त्रातलं यहुद्यांच्या सणाचं नाव. ईस्टरच्या गोष्टीची सुरुवातच तिथून आहे. मिसरात दाराला कोकराचं रक्त, आणि मृत्यू ते घर ओलांडून जातो.

मालेगाव_बस

हा शब्द वल्ह्यावरून ना? तांबडा समुद्र पार केला म्हणून?

पाठभेद

वल्ह्याचा काडीचा संबंध नाही. वलांडणे, ओलांडणे. लोक तो समुद्र चालत गेले, होडीत बसून नाही.

भद्रकालीची_मावशी

आमच्या निफाडकडच्या आजी 'उंबरा वलांडू नको' म्हणायच्या. पण त्यात 'ह' कुठून आला?

पाठभेद

मला वाटतं, तो मिशनऱ्यांनी घातला.

शरणपूरकर

कशावरून? आमच्या घरात अजूनही सगळे ह लावूनच बोलतात, आणि ते कोणा साहेबाकडून शिकलेले नाहीत.