मदत हवी आहे: ओव्हनमधल्या झुकिनीला पाणी सुटतंय

रविवारी लातूरला घरी 12-15 माणसं जेवायला आहेत. तोंडी लावायला झुकिनीचा (काकडीसारखी दिसणारी, भोपळ्याच्या कुळातली भाजी) बेक करायचाय. चकत्या, परतलेला कांदा, चक्का, चीज, वरून लोण्यात परतलेला ब्रेडचा चुरा. ओटीजीत 180 अंशांवर अर्धा तास. वरचा थर मस्त खरपूस होतो, पण चमचा घातला की खाली पाणीच पाणी.

चकत्यांना मीठ लावून, फडक्यात पिळून पाहिल्या. पाणी कमी झालं, पण भाजी खारट. कोरड्या तव्यावर परतून घेतल्या तर बेक होईस्तोवर लगदा. बिया काढते, झाकण ठेवत नाही. मूळ अमेरिकन कृतीत मिश्रण धरून ठेवायला अंडं असतं, ते आमच्याकडे चालत नाही. मैद्याचा पांढरा सॉस सासूबाईंना पचत नाही. ज्वारीचं पीठ मात्र डबाभर आहे (लातूरकरांना ते सांगायला नको). दुपारी लाईटीचा भरवसा नाही, म्हणून सकाळीच बेक करून जेवताना फक्त गरम करणार.

अंड्याऐवजी ज्वारीचं पीठ घालू की बेसन? अर्धा किलो झुकिनीला किती, आणि चक्क्यात कच्चंच कालवायचं की आधी भाजून?