ईव्ह-एनजीमध्ये मायक्रोटिक सीएचआर: नोड चालू होताच बंद पडतो

प्रश्न
विंडोज ११, १६ जीबी रॅम, व्हीएमवेअर वर्कस्टेशनच्या व्हर्च्युअल मशीनमध्ये (व्हीएम) ईव्ह-एनजी, म्हणजे नेटवर्कची लॅब चालवणारं सॉफ्टवेअर. सीएचआरची (मायक्रोटिकचा व्हर्च्युअल राउटर) आयएमजी फाइल, म्हणजे डिस्क इमेज, डाउनलोड केली, तिचं नाव बदलून ‘एचडीए.क्यूकाऊ२’ केलं आणि फोल्डरमध्ये टाकली. नोड (लॅबमधला एकेक राउटर) यादीत दिसतो, पण स्टार्ट केला की दोन सेकंदांत बंद. ईव्हच्या लॉगिन स्क्रीनवर व्हीटी-एक्स (इंटेल प्रोसेसरची व्हर्च्युअलायझेशनची सोय) सापडलं नाही असंही येतं. चार सीएचआरवर ओएसपीएफ (राउटरांनी आपसात मार्ग ठरवण्याचा प्रोटोकॉल) करायचं आहे. जमल्यास सिस्कोचे दोन सीएसआर१०००व्ही व्हर्च्युअल राउटरही जोडायचे आहेत. एवढ्या रॅममध्ये बसेल का?

उत्तर १
आधी व्हीटी-एक्सचं बघा, बाकी सगळं त्यानंतर. व्हीएम पूर्ण बंद करून प्रोसेसर सेटिंगमध्ये ‘व्हर्च्युअलाइज इंटेल व्हीटी-एक्स/ईपीटी’वर टिक करा. टिक केल्यावर व्हीएम सुरूच होत नसेल, तर विंडोजने हायपर-व्ही (तिची स्वतःची व्हर्च्युअलायझेशन प्रणाली) चालू ठेवलंय आणि व्हीटी-एक्स त्याच्या ताब्यात आहे. कोअर आयसोलेशनमधली मेमरी इंटिग्रिटी बंद करा, विंडोज फीचर्समधून हायपर-व्ही आणि व्हर्च्युअल मशीन प्लॅटफॉर्म काढा, रीस्टार्ट करा. डब्ल्यूएसएल २ (विंडोजमध्ये लिनक्स चालवायची सोय) वापरत असाल तर ते मात्र यानंतर चालणार नाही. ईव्हमध्ये ‘प्रॉक सीपीयूइन्फो’ या फाइलीत ‘व्हीएमएक्स’ शब्द दिसला की झालं.

उत्तर २
नाव बदलल्याने फॉरमॅट बदलत नाही. फाइल आतून रॉच (डिस्कची साधी प्रत) आहे, क्यूईएमयू (ईव्हमध्ये नोड चालवणारा प्रोग्राम) ती क्यूकाऊ२ म्हणून उघडायला जातं आणि नोड पडतो. ‘क्यूईएमयू-आयएमजी कन्व्हर्ट’ला इनपुट रॉ, आउटपुट क्यूकाऊ२ असं सांगून रूपांतर करा. फोल्डरचं नाव ‘मायक्रोटिक’ आणि लगेच हायफन, मग आवृत्ती. स्पेलिंग इंग्रजीत, सगळी अक्षरं लहान. शेवटी ईव्हच्या रॅपरची ‘फिक्सपरमिशन्स’ (फाइलींच्या परवानग्या नीट करणारी) कमांड चालवा, ही पायरी हमखास राहून जाते.
इमेज बदलल्यावर जुना नोड ‘वाइप’ केल्याशिवाय स्टार्ट करू नका. प्रत्येक नोड मूळ इमेजवर स्वतःचा वेगळा थर ठेवतो. खालची फाइल बदलली की वरचा थर निरुपयोगी. वाइपने नोडमधलं कॉन्फिगही जातं, म्हणून आधी एक्स्पोर्ट करून घ्या.

उत्तर ३
रॅमचं गणित: सीएचआरला प्रत्येकी २५६ एमबी पुरते, म्हणजे चौघांना मिळून १ जीबी. सीएसआर मात्र एकेक ४ जीबी घेतो. व्हीएमला १० जीबीच्या वर देऊ नका, विंडोजला जागा लागते. त्यात चार सीएचआर आणि एक सीएसआर आरामात. दोन सीएसआर म्हणजे अगदी काठावर. ते एकदम स्टार्ट करू नका: पहिल्याचा प्रॉम्प्ट येऊ द्या, मग दुसरा.
सीएचआरच्या फ्री लायसन्सवर प्रत्येक इंटरफेसचा अपलोड १ एमबीपीएसवर अडवलेला असतो. ओएसपीएफला याने काही फरक पडत नाही, पण बँडविड्थ टेस्ट लावलीत तर आकडा तिथेच थांबेल. त्यासाठी लॅबमध्ये दोष शोधत बसू नका. वेग मोजायचाच असेल तर मायक्रोटिकच्या खात्यावरून ६० दिवसांचं ट्रायल लायसन्स घेता येतं.