चॅटहॅमचा दोरखंड कारखाना अजून चालू आहे

‘१९८४ साली इंग्लंडमधल्या चॅटहॅमची नौदल गोदी बंद झाली आणि आता तिथे फक्त म्युझियम उरलंय’ असं म्हटलं जातं, पण ते मला अर्धंच पटतं. गोदी बंद झाली, हजारो कामगारांची रोजी गेली, हे खरंच. पण असं म्हणताना तिथला दोरखंडाचा कारखाना विसरला जातो. अठराव्या शतकाच्या अखेरीस बांधलेली ही विटांची इमारत सलग सुमारे ३४६ मीटर लांब आहे. एवढी लांब का, तर जहाजाच्या जाड दोराला पीळ देताना त्याचे पेड पूर्ण लांबीत सरळ ताणून धरावे लागतात, मध्ये वळण घेऊन चालत नाही. तिथे आजही विक्रीसाठी दोर वळतात आणि कामात १८११ सालचं यंत्रसुद्धा आहे! जुनी वास्तू जपायची तर अशी, तिचं मूळ काम चालू ठेवून.

बाकीच्या जागेवर घरं आली, व्यापारी बंदर आलं, विद्यापीठांचा परिसरही आला. तेही चांगलंच झालं, पण तसं इतरत्रही होतं. कुणी जाणार असाल तर म्युझियममधली ‘ओसेलॉट’ पाणबुडी नंतर बघा, आधी दोर वळण्याचं प्रात्यक्षिक गाठा.